मुद्रांकाचे अपील आणि टळलेली मुदत

घरखरेदीचा दस्त नोंदला गेला, त्यावर शिक्के पडले आणि तो कापडात गुंडाळून कपाटात ठेवला, म्हणजे सर्व पार पडले अशी आपली समजूत असते. परंतु पुष्कळदा वर्ष-दोन वर्षांनी सरकारी लखोटा दारी येतो. आपण भरलेला मुद्रांक अपुरा होता, सबब इतकी रक्कम व वर इतका दंड भरावा, असे त्यात लिहिलेले असते. ह्या आदेशाविरुद्ध दाद मागण्याचा हक्क कायद्याने दिलेला आहे. मात्र तो साठ दिवसांचा आहे. एकसष्टाव्या दिवशी त्या हक्काचे काय होते, हा आज माझ्या भाषणाचा विषय आहे. मी वकील नव्हे. शाळेत मुलांस शिकवण्यात माझा जन्म गेला. तरी शेजारीपाजारी कागद घेऊन येतात, त्यांचे अर्ज लिहून द्यावे लागतात, आणि त्या निमित्ताने जे वाचले व पाहिले ते आपणांपुढे ठेवीत आहे.

प्रथम मुद्रांक म्हणजे काय ते थोडक्यात पाहू. हा कर मूळचा हॉलंडमधला. तेथे तो सन १६२४ मध्ये सुरू झाला, इंग्लंडने १६९४ मध्ये उचलला आणि इंग्रजी अमलाबरोबर तो आपल्याकडे आला. हिंदुस्थानासाठी १८९९ चा मुद्रांक कायदा झाला. पुढे मुंबई राज्याने १९५८ साली आपला स्वतंत्र कायदा केला. तो १९५९ च्या फेब्रुवारीत अमलात आला, आणि २०१२ पासून तोच ‘महाराष्ट्र मुद्रांक अधिनियम’ ह्या नावाने ओळखला जातो. हा कर माणसावर नसून कागदावर आहे. व्यवहार तोंडी राहिला तर मुद्रांक नाही. पण तो दस्तात उतरला की त्या दस्ताने कर दिलाच पाहिजे. तो पुरा दिला नसेल तर ३४ व्या कलमाप्रमाणे असा दस्त न्यायालयात पुरावा म्हणून वाचता येत नाही. म्हणजे ज्या कागदाच्या बळावर घर आपले म्हणावयाचे, तोच कागद मुका होतो.

तंटा उत्पन्न होतो तो बहुधा किमतीवरून. पूर्वी दस्तात जी किंमत लिहिली असेल तीवर मुद्रांक बसे. त्यामुळे खरी किंमत एक व लिहिलेली दुसरी असा प्रकार फार माजला. त्यास आळा घालण्यासाठी सन १९८० पासून महाराष्ट्रात मालमत्तेचे बाजारमूल्य धरून मुद्रांक घेण्याची पद्धत सुरू झाली. हे मूल्य ठरविण्याचे नियम १९९५ साली झाले. त्यांना अनुसरून दरवर्षी दरांचे तक्ते निघतात. ह्यांनाच लोक ‘रेडी रेकनर’ म्हणतात. हा तक्ता गावाचा किंवा विभागाचा सरासरी दर सांगतो. तुमच्या घराला ओल लागली आहे, किंवा त्यावर भाडेकऱ्याचा ताबा आहे, हे तक्त्याला कोठून कळणार? इमारत जुनी असल्यास मूल्यातून घसारा वजा करावयाचा असतो. पण तिचे वय कागदावर चुकीचे पडले तर घसाराही चुकतो. शिवाय दस्त नोंदला गेल्यावर पुढे लेखापरीक्षणात आक्षेप निघतो आणि जुनी फाईल पुन्हा उघडली जाते. मग मुद्रांक जिल्हाधिकारी नोटीस काढतात, आपले म्हणणे ऐकतात व आदेश करतात. आदेश नेहमीच चुकीचा असतो असे माझे म्हणणे नाही. कित्येकदा तो बरोबरच असतो. परंतु चुकीचा असेल तेव्हा ती चूक दाखवून देण्यास वेळ थोडा असतो, एवढे ध्यानात घ्यावे.

आणि ही चूक महाग पडते. कमी पडलेल्या मुद्रांकावर दरमहा शेकडा २ प्रमाणे दंडाची आकारणी होते, आणि ती दस्त केल्याच्या तारखेपासून मोजली जाते. मुद्रांक एक लाख रुपयांनी कमी पडला असे धरा. महिन्याला दोन हजार रुपये दंड चढतो, आणि दोन वर्षांत तो अठ्ठेचाळीस हजारांवर जातो. रक्कम न भरल्यास ती जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करण्याचा अधिकार सरकारास आहे. म्हणून हा लखोटा आला की तो फडताळात टाकून देण्याचा कागद नव्हे.

आता अपिलाचा हक्क. अधिनियमाच्या ५३ व्या कलमाच्या पोटकलम (१अ) प्रमाणे, मुद्रांक जिल्हाधिकाऱ्याच्या आदेशाने ज्याचे नुकसान झाले आहे त्याने आदेश मिळाल्यापासून साठ दिवसांच्या आत मुख्य नियंत्रक महसूल प्राधिकाऱ्याकडे अपील करावयाचे असते. येथे ‘मिळाल्यापासून’ हा शब्द महत्त्वाचा आहे. आदेशावर सहीची तारीख कोणतीही असो, तो आपल्या हाती ज्या दिवशी पडला तो दिवस खरा. म्हणून लखोटा फेकून न देता त्यावरील टपालाच्या शिक्क्यासह जपून ठेवावा, आणि आदेशाच्या पहिल्या पानावर मिळाल्याची तारीख त्याच दिवशी लिहून ठेवावी. मूल्यनिर्धारणाच्या काही आदेशांसाठी अपिलाची वेगळी तरतूद आहे. तेव्हा आपला आदेश कोणत्या कलमाखालचा आहे आणि त्याच्या शेवटी अपिलाबद्दल काय लिहिले आहे, हे प्रथम वाचून घ्यावे.

दिवस मोजण्यात पुष्कळांची फसगत होते. ज्या दिवशी आदेश मिळाला तो दिवस सोडून द्यावयाचा आणि दुसऱ्या दिवसापासून मोजावयाचे. आदेश ३ जूनला मिळाला असे समजा. ४ जून हा पहिला दिवस. जूनचे सत्तावीस दिवस, जुलैचे एकतीस, मिळून अठ्ठावन्न. म्हणजे साठावा दिवस २ ऑगस्टला येतो. जो मनुष्य ‘दोन महिने’ असे मनाशी धरून ३ ऑगस्टला कचेरीत जातो, तो एक दिवस उशिरा पोहोचलेला असतो. शेवटच्या दिवशी कचेरीला सुटी असेल तर कचेरी उघडेल त्या पहिल्या दिवशी अपील दाखल केलेले चालते. पण सुटी मध्ये आली म्हणून मुदत वाढत नाही.

येथे एक अनुभव सांगतो. आमच्या आळीतील एक विधवा बाई एके दिवशी आदेशाचा कागद घेऊन आल्या. यजमानांच्या मागे त्यांनी एका जुन्या इमारतीत दोन खोल्या घेतल्या होत्या. आदेशात त्या इमारतीचे वय प्रत्यक्षापेक्षा पुष्कळ कमी धरले होते आणि त्यामुळे घसारा जवळजवळ दिलाच नव्हता. मी म्हटले, “वहिनी, ही चूक तर उघड आहे. आदेश हाती कधी आला?” त्यांनी तारीख सांगितली. मी बोटांवर मोजले तो सत्त्याण्णव दिवस झाले होते. “इतके दिवस काय केलेत?” असे विचारता त्या म्हणाल्या, “गुरुजी, बसले नव्हते हो मी. पुतण्या म्हणाला, कचेरीत ओळख आहे, अपील नको, साध्या अर्जाने दुरुस्त होईल. पाच वेळा जाऊन आले. दर वेळी पुढच्या आठवड्यात या म्हणाले.” त्या पाच खेपांपैकी एकीचीही पोच त्यांच्यापाशी नव्हती. अर्जाच्या प्रतीवर आवक शिक्का घ्यावयाचा असतो हे त्यांना कोणी सांगितले नव्हते.

आम्ही अपील लिहिले, बरोबर विलंबाचा खुलासा जोडला, इमारतीच्या वयाचा नगरपालिकेचा दाखला जोडला. सुनावणीच्या दिवशी मी बरोबर गेलो होतो. तेथे इमारतीचा विषय निघालाच नाही. सारा वेळ वरच्या सदतीस दिवसांच्या हिशेबात गेला. कोणत्या दिवशी आलात, कोणास भेटलात, पुरावा काय, ह्या प्रश्नांना उत्तर नव्हते. अपील मुदतबाह्य म्हणून निकालात निघाले. दाखला पिशवीतून बाहेर आला नाही तो नाहीच. बाईंनी बँकेतील ठेव मोडून रक्कम भरली.

श्रोतेहो, मुदत टळल्याचा परिणाम काय होतो तो ह्यात आला. साठ दिवसांच्या आत आपण हक्काने जातो, आणि प्रश्न असतो, ‘आदेश बरोबर की चूक?’ साठ दिवसांनंतर आपण विनंती करावयास जातो, आणि प्रश्न होतो, ‘तुम्ही उशीर का केला?’ पहिल्या प्रश्नाचे उत्तर आपल्याजवळ कितीही चोख असले, तरी दुसऱ्या प्रश्नाचे दार उघडल्याशिवाय तेथवर पोहोचता येत नाही.

कोणी म्हणेल, हा तर अन्याय झाला. सत्य काही साठ दिवसांनी असत्य होत नाही. आक्षेप खरा आहे. तथापि मुदतीच्या कायद्यामागेही एक न्याय आहे. तंटा कधी तरी मिटला पाहिजे, साक्षीदार व कागद हयात आहेत तोवर त्याचा निकाल लागला पाहिजे, आणि निकाल लागल्यावर दोन्ही पक्षांस स्वस्थ झोप लागली पाहिजे, हा त्याचा हेतू. आपल्याकडे मुदतीचा पहिला सर्वसाधारण कायदा १८५९ साली झाला, आज चालू आहे तो १९६३ चा. ह्या १९६३ च्या कायद्यातच ५ वे कलम आहे. त्यात म्हटले आहे की, मुदतीत न येण्यास ‘पुरेसे कारण’ होते अशी न्यायालयाची खात्री झाली तर उशिरा आलेले अपील दाखल करून घेता येते. नियम कठोर असला तरी त्यात दयेला जागा ठेवलेली आहे.

हे ‘पुरेसे कारण’ म्हणजे काय, ते सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांवरून समजते. रेवा कोलफील्ड्स ह्या कंपनीच्या खटल्यात, १९६१ साली, अपिलास उशीर झाला होता अवघा एक दिवस, कारण आजारपण. न्यायालयाने सांगितले की मुदतीतील सगळ्या दिवसांत तुम्ही काय करीत होता असे विचारण्याचे कारण नाही. शेवटच्या दिवसापर्यंत थांबण्याचा मनुष्यास हक्क आहे. खुलासा हवा तो मुदत संपल्यापासूनच्या दिवसांचा. मात्र त्याच निकालात असेही म्हटले आहे की, पुरेसे कारण सिद्ध झाले तरी माफी हा हक्क होत नाही; ती न्यायालयाच्या विवेकावर राहते. पुढे १९८७ मध्ये अनंतनागच्या एका भूसंपादन प्रकरणी चार दिवसांचा उशीर होता. तेथे न्यायालयाने उदार धोरण सांगितले. उशिरा येऊन कोणाचा फायदा होत नाही, प्रत्येक दिवसाचा खुलासा मागताना व्यवहारज्ञान सोडू नये, असे त्याचे तात्पर्य होते. १९९८ मधील एका निकालात ८८३ दिवसांचा विलंब माफ झाला, कारण खुलासा पटण्याजोगा होता. उलट २०१२ मध्ये टपाल खात्याचा ४२७ दिवसांचा विलंब माफ झाला नाही. कागद एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर फिरत होता, हे सरकारी खात्याचे नेहमीचे कारण ह्यापुढे चालणार नाही, असे न्यायालयाने बजावले. ह्यावरून एवढे दिसते की दिवसांच्या संख्येपेक्षा खुलाशाच्या खरेपणाला वजन आहे. एक दिवसही अंगाशी येऊ शकतो आणि दोन वर्षांहून अधिक काळही माफ होऊ शकतो.

परंतु येथे थांबून एक सावधगिरीची गोष्ट सांगितली पाहिजे, कारण नेमकी हीच पुष्कळांच्या लक्षात येत नाही. वरील निकालांतील ५ वे कलम हे न्यायालयांसाठी आहे. मुद्रांकाचे अपील ज्यांच्यापुढे जाते ते महसुली प्राधिकारी आहेत, दिवाणी न्यायालय नव्हे. अशा प्राधिकाऱ्यांना मुदतीचा कायदा आपोआप लागू होत नाही, माफीचा अधिकार त्या त्या विशेष कायद्यातून आला पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली एका कूळकायद्याच्या प्रकरणी व पुन्हा २०१५ मध्ये एका सीमाशुल्काच्या प्रकरणी सांगितले आहे. मुद्रांकाच्या पोटकलमाची वाक्यरचना साठ दिवसांवरच थांबते. म्हणजे आपल्या विनंतीला विरोधी पक्ष प्रथम असेच म्हणणार की, ‘माफी करण्याचा अधिकारच येथे नाही.’ तेव्हा ‘उशीर झाला तरी माफी मिळेल’ ह्या भरवशावर कोणी एकही दिवस घालवू नये.

मग उच्च न्यायालय आहे ना, असे कोणी विचारील. संविधानाच्या २२६ व्या अनुच्छेदाखाली रिट अर्जाचा मार्ग आहे हे खरे. परंतु तोही आडवाटेने मुदत चुकविण्याचा मार्ग नव्हे. आंध्र प्रदेशातील मूल्यवर्धित कराच्या एका प्रकरणात एका औषध कंपनीने अपिलाची मूळ मुदत घालविली आणि माफीची मुदतही घालविली, व नंतर ती उच्च न्यायालयात गेली. २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला की कायद्याने दिलेला अपिलाचा मार्ग वेळेवर न धरणाऱ्यास अशा रीतीने रिटचा आसरा सहसा घेता येणार नाही.

एक अपवाद सर्वांनी पाहिला. करोनाच्या साथीत सर्वोच्च न्यायालयाने आपण होऊन १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीच्या मोजणीतून वगळला, आणि तो लाभ न्यायालयांप्रमाणेच अर्धन्यायिक प्राधिकाऱ्यांपुढील कामांनाही दिला. त्या काळातील जुना आदेश कोणाकडे असेल तर हिशेब करताना हे विसरू नये. परंतु साथ हा अपवाद होता. तो आता संपला.

आता समजा, दुर्दैवाने मुदत टळलीच आहे. तर काय करावे? पहिली गोष्ट, आणखी एक दिवसही थांबू नये. कारण खुलासा प्रत्येक वाढत्या दिवसाबरोबर जड होत जातो. दुसरी, अपील व विलंबमाफीचा अर्ज ही दोन्ही एकाच वेळी द्यावीत. नुसता माफीचा अर्ज देऊन अपील मागाहून देतो म्हणणे म्हणजे उशिरात उशीर. तिसरी, अर्जात तारीखवार हकिकत लिहावी. अमुक तारखेस आदेश मिळाला, अमुक तारखेस मुदत संपली, त्यानंतर अमुक दिवस रुग्णालयात होतो, अमुक दिवशी नक्कल मागितली, अमुक दिवशी मिळाली. प्रत्येक विधानामागे एक कागद असावा. ‘घरगुती अडचणींमुळे’ हे शब्द मी कित्येक अर्जांत पाहिले आहेत; ते लिहिण्यापेक्षा न लिहिणे बरे, कारण त्यांतून काहीच कळत नाही.

चौथी गोष्ट खोटे न लिहिण्याची. डॉक्टरचा दाखला मिळविणे अवघड नसते, आणि मोह होतो. पण एक खोटा दाखला उघडकीस आला की खरी कारणेही खोटी ठरतात. शाळेत उशिरा येणारी मुले मी चाळीस वर्षे पाहिली. ज्याने ‘झोप लागली’ असे सरळ सांगितले त्याला मी वर्गात घेतले, आणि ज्याच्या आजीचे निधन वर्षातून तीनदा झाले त्याला बाहेर उभे केले. न्यायासनावर बसणारेही माणसेच असतात.

पाचवी, चुकीच्या ठिकाणी पण प्रामाणिकपणे दाद मागत बसल्यामुळे वेळ गेला असेल तर तो स्पष्ट सांगावा. मुदतीच्या कायद्याच्या १४ व्या कलमात असा काळ वगळण्याची तरतूद आहे, आणि तिचे तत्त्व प्राधिकाऱ्यांपुढेही लागू पडते, असे वर सांगितलेल्या २०१५ च्या निकालात म्हटले आहे. मात्र रीतसर दाखल केलेले काम वेगळे आणि कचेरीत घातलेल्या खेपा वेगळ्या. विनंतीपत्रे लिहीत राहिल्याने मुदत लांबत नाही. आमच्या वहिनींचे पाच हेलपाटे ह्याच कारणाने वाया गेले.

सहावी, अपील केले म्हणजे वसुली आपोआप थांबते असे समजू नये. स्थगितीचा स्वतंत्र अर्ज करावा लागतो, आणि दरमहाचा दंडही ध्यानात ठेवावा लागतो. हिशेब करून पाहता वादाची रक्कम थोडी आणि दंड वाढता असेल, तर भांडण्यापेक्षा भरून मोकळे होणे शहाणपणाचे ठरते, असेही प्रसंग असतात.

आणखी एका भ्रमाचा उल्लेख करतो. डिसेंबर २०२३ मध्ये शासनाने जुन्या दस्तांसाठी मुद्रांक शुल्काची अभय योजना काढली होती. तिच्यात मुद्रांकात व दंडात सवलत मिळाली आणि अनेकांचा फायदाही झाला. तिची मुदत वाढत गेली व २०२४ मध्ये ती संपली. तेव्हापासून ‘पुन्हा योजना येईल, तेव्हा पाहू’ असे म्हणत हातातील आदेश बाजूस ठेवणारे लोक मला भेटतात. योजना येईल किंवा न येईल. साठ दिवस मात्र खात्रीने जातील.

शेवटी, आदेश हाती येईल त्या दिवशी करावयाची कामे सांगून भाषण पुरे करतो. मिळाल्याची तारीख कागदावर लिहावी. साठावा दिवस मोजून भिंतीवरच्या दिनदर्शिकेत तांबड्या शाईने खूण करावी. आदेशात मालमत्तेचे क्षेत्र, विभाग, इमारतीचे वय व धरलेला दर बरोबर आहेत का, ते आपल्या कागदांशी ताडून पाहावे. आठ दिवसांच्या आत जाणत्या वकिलाचा सल्ला घ्यावा. कचेरीत जो कागद द्याल त्याच्या प्रतीवर आवक शिक्का व तारीख घेतल्याशिवाय उंबरठा ओलांडू नये. ह्या गोष्टींना पैसा फारसा लागत नाही, विद्वत्ताही लागत नाही. लागते ती फक्त त्याच दिवशी हालचाल करण्याची सवय.

आमच्या वहिनींच्या इमारतीच्या वयाचा तो दाखला अजून माझ्या टेबलाच्या खणात आहे. त्यातला आकडा पहिल्या दिवशी जितका खरा होता तितकाच आजही खरा आहे. त्याचा उपयोग मात्र पहिल्या साठ दिवसांतच होता. आपणांपैकी कोणावर हा प्रसंग येऊ नये. आलाच, तर असा दाखला वेळेवर पिशवीतून बाहेर निघावा, एवढीच इच्छा व्यक्त करून आपली रजा घेतो.